राउटरची इमेज : आधी तपासा, मग चढवा

नेटवर्किंगचं प्रॅक्टिकल जवळ आलं की आयओएस इमेज, म्हणजे सिस्को राउटरची ऑपरेटिंग सिस्टिम, पेन ड्राइव्हवरून फिरायला लागते. अमरावतीची फाइल अकोल्याच्या हॉस्टेलात पोहोचते. पण ती अस्सल आहे का, हे कोण बघतं?

सप्टेंबर २०१५ मध्ये मँडियंटच्या तज्ज्ञांना युक्रेन, फिलिपिन्स, मेक्सिको आणि आपल्या भारतात मिळून १४ सिस्को राउटरमध्ये बदललेली इमेज सापडली. या प्रकाराला ‘सिनफुल नॉक’ म्हणतात. १८४१ आणि २८११ ही आपण पॅकेट ट्रेसरमध्ये वापरतो ती मॉडेल्सही त्यात होती. इमेजचा साइज बदलू दिला नव्हता आणि राउटर रीस्टार्ट केला तरी घुसखोराची चोरवाट कायम राहायची. म्हणजे नाव आणि साइज बघून काही कळत नाही.

त्यासाठी हॅश काढावा लागतो. माझं शिक्षण कॉन्व्हेंटमधलं, मराठी शब्द सापडेना, म्हणून मी त्याला ‘ठसा’ म्हणते. फाइलमधला एक बिट बदलला तरी ठसा पार बदलतो. एमडी५ चा ठसा ३२ अक्षरांचा, एसएचए-५१२ चा १२८ अक्षरांचा. एमडी५ ची कमजोरी २००४ मध्येच सिद्ध झाली, म्हणून शक्यतो एसएचए-५१२ वापरा.

पद्धत अशी :

१) खरा हॅश सिस्कोच्याच डाउनलोड पानावरून घ्या. जो फाइल बदलतो, तो सोबतचा हॅशही बदलू शकतो.

२) आपल्या फाइलचा हॅश काढा. विंडोजवर ‘सर्टयुटिल’, लिनक्सवर ‘एसएचए५१२सम’. दोन्ही पूर्ण जुळवून बघा.

३) जीएनएस३ साठी मूळ बिन फाइलच तपासा. अनकॉम्प्रेस केलेल्या फाइलचा हॅश जुळणारच नाही.

४) खऱ्या राउटरवर कॉपी झाल्यावर ‘व्हेरिफाय’ कमांड द्या, मगच रीलोड. राउटरवरच संशय असेल तर फाइल बाहेर काढून दुसऱ्या मशीनवर तपासा. बिघडवलेला राउटर स्वतःबद्दल खोटं सांगू शकतो.

आपल्या वऱ्हाडात कपाशीचं बियाणं घेताना शेतकरी सील बघतो, टॅग बघतो, पक्कं बिल मागतो. बोगस निघालं तर अख्खा हंगाम जातो. राउटरमधून तर सगळ्यांचे पासवर्ड जातात. म्हणून हॅश जुळला नाही तर ‘चालते न बे’ म्हणू नका, सरळ डिलीट करा!