कलावंताची आकांक्षा आणि सत्तेशी तडजोड : मिखाईल बुल्गाकोव्ह



लेखकाने सत्तेशी तडजोड केली असे कळताच त्याच्या साहित्याविषयी घाईने निवाडा दिला जातो. असा निवाडा अपुरा का ठरतो, हे सोव्हिएत लेखक मिखाईल बुल्गाकोव्ह (१८९१-१९४०) यांच्या उदाहरणावरून पाहू.

१९२६ मध्ये मॉस्को आर्ट थिएटरने सादर केलेले त्यांचे 'टर्बिन कुटुंबाचे दिवस' हे नाटक गाजले. परंतु क्रांतिविरोधी गटातील माणसांचे त्यातील सहानुभूतीपूर्ण चित्रण पक्षनिष्ठ टीकाकारांना खटकले. १९२९ मध्ये त्यांची नाटके रंगभूमीवरून उतरवण्यात आली. मार्च १९३० मध्ये त्यांनी सरकारला पत्र लिहिले. पश्चात्ताप जाहीर करण्याचा सल्ला आपण मानला नाही, असे त्यात स्पष्ट नमूद करून त्यांनी देश सोडण्याची परवानगी, अन्यथा रंगभूमीवर काम मागितले. एप्रिलमध्ये स्टालिनने स्वतः दूरध्वनी केला. बुल्गाकोव्ह देशातच राहिले आणि आर्ट थिएटरमध्ये साहाय्यक दिग्दर्शक झाले. उपजीविकेची सोय झाली. लेखनावरील बंधने मात्र टळली नाहीत.

१९३९ मध्ये, थिएटरच्या आग्रहानंतर, त्यांनी तरुण स्टालिनवर 'बाटुम' हे नाटक पूर्ण केले. त्या वर्षी स्टालिनची साठी साजरी होणार होती. ऑगस्टमध्ये नाटकाच्या तयारीसाठी ते सहकाऱ्यांसह रेल्वेने बाटुमीकडे निघाले असता वाटेतच तार आली : प्रवासाची गरज उरलेली नाही. नाटक नाकारले गेले होते.

याच दशकात ते 'मास्टर आणि मार्गारिटा' ही कादंबरीही लिहीत होते. तिचा आरंभीचा खर्डा त्यांनी १९३० मध्ये जाळला होता. पुढे मृत्युशय्येवर, दृष्टी गेलेली असताना, त्यांनी पत्नी येलेना यांना त्यातील दुरुस्त्या सांगितल्या. १९६६-६७ मध्ये ती काटछाट होऊन एका मासिकात प्रसिद्ध झाली.

येथे 'तडजोड' आणि 'शरणागती' या शब्दांतील अर्थभेद ध्यानात घ्यावा. शरणागतीत सर्वस्व सोपवले जाते. तडजोडीत काही दिले जाते, काही राखले जाते. म्हणून लेखकाकडून काय मागितले गेले, त्याने काय दिले आणि काय राखले, हे तीन प्रश्न स्वतंत्रपणे विचारावेत. कादंबरी श्रेष्ठ आहे म्हणून 'बाटुम' क्षम्य ठरत नाही. 'बाटुम' लिहिले म्हणून कादंबरीचे मोलही घटत नाही. दोन्ही एकाच हाताने लिहिली, हे सत्य अभ्यासकाने न टाळता स्वीकारले पाहिजे.

स्वाध्याय : वरील तीन प्रश्नांच्या आधारे बुल्गाकोव्ह यांचे १९३० चे पत्र आणि 'बाटुम' यांतील भूमिकांची तुलना करा.