पोटातील कावळे

आपली मराठी भाषा मोठी गमतीची आहे. भूक लागली की आपल्या पोटात कावळे ओरडतात. राग आला की तळपायाची आग मस्तकाला जाते. खरे पाहता पोटात कावळा नसतो आणि तळपायाला आगही लागलेली नसते. तरीही ऐकणाऱ्याला अर्थ कळतो. परंतु तो सर्वांनाच तितक्या सहजपणे कळतो, असे मात्र नाही.

मुलांनो, जुन्नर तालुक्यातील एक शेतकरी कुटुंब डोळ्यांपुढे आणा. घरात आजी, आईवडील आणि दोन भावंडे आहेत. धाकटा मुलगा बारा वर्षांचा असून तो स्वमग्न आहे. एकदा त्याची ताई शाळेतून आली आणि म्हणाली, "आई, लवकर वाढ. पोटात कावळे ओरडताहेत!" धाकटा उठला. त्याने ताईच्या पोटाला कान लावला आणि गंभीरपणे सांगितले, "कावळे नाहीत. नुसते गुरगुरते आहे." ताईला हसू आवरेना. तिचे पाहून तोही हसू लागला.

पुढे एकदा घरी पाहुणे जेवायला आले. आमटीत मीठ फार पडले होते, पण जो तो म्हणे, "वा! आमटी फक्कड झाली आहे." आजीने नातवाला विचारले, "तुला कशी लागली रे?" तो म्हणाला, "खारट. म्हणून तर सगळे सारखे पाणी पीत आहेत." पाहुण्यांचे घास हातातच राहिले. आजी मात्र खुदकन हसली. त्या दिवसापासून नातवाने चव घेतल्याशिवाय ती आमटी चुलीवरून उतरवीत नाही.

स्वमग्नता हा संसर्गाने होणारा आजार नव्हे, की आईबापांच्या चुकीचे फळही नव्हे. मेंदूच्या जडणघडणीतील तो एक वेगळेपणा आहे. अमेरिकेतील डॉक्टर लिओ कॅनर यांनी १९४३ साली अशा अकरा मुलांचे वर्णन प्रसिद्ध केले. स्वमग्नतेच्या छटा अनेक आहेत. कोणी मुळीच बोलत नाही, तर कोणी आवडत्या विषयावर तासभर बोलतो. कोणाला मोठा आवाज सोसवत नाही. कित्येकजण शब्दाचा सरळ अर्थ घेतात. पशुशास्त्रज्ञ टेंपल ग्रँडिन या स्वतः स्वमग्न आहेत. आपण चित्रांच्या रूपाने विचार करतो, असे त्यांनी लिहिले आहे. कावळ्याचे नाव ऐकताच मनात कावळाच उभा राहिला, तर त्यात नवल ते काय?

आता त्याच मुलाच्या वर्गात जाऊ. भूगोलाचा तास चालू होता. गुरुजींनी विचारले, "आंबेगाव तालुक्याचे मुख्य ठिकाण कोणते?" त्याने चटकन उत्तर दिले, "घोडेगाव. मूळचे आंबेगाव डिंभे धरणाच्या पाण्याखाली गेले." उत्तर अचूक होते. मग त्याने विचारले, "गुरुजी, घोडेगावात घोडे किती आहेत?" साऱ्या वर्गात हास्याचा कल्लोळ उडाला. मुले बाके वाजवू लागली. त्याने दोन्ही कान घट्ट झाकून घेतले. त्यानंतर आठ दिवस त्याने वर्गात तोंड उघडले नाही.

गुरुजींच्या ते ध्यानात आले. एके दिवशी तो शाळेच्या वाचनालयात बसला असता त्यांनी वर्गाला विचारले, "खोडदची रेडिओ दुर्बीण तुम्हांला ठाऊक आहे ना? डॉ. गोविंद स्वरूप यांच्या नेतृत्वाखाली ती उभी राहिली. तिच्या तीस तबकड्या आहेत आणि प्रत्येकीचा व्यास पंचेचाळीस मीटर आहे. आकाशातून येणाऱ्या अतिशय क्षीण लहरी ती टिपते. म्हणूनच जवळपासच्या यंत्रांच्या लहरींचा गोंगाट तिला चालत नाही. तुमच्या मित्राचे कानही तसेच हळवे आहेत. शिवाय, गावाच्या नावावरून प्रश्न सुचणे ही काही चूक नव्हे."

दुसऱ्या दिवशी शेजारच्या बाकावरील मुलीने त्याला हळूच विचारले, "मूग गिळून गप्प बसणे, याचे चित्र काढशील?" त्याने काढले आणि खाली लिहिले, "मूग कच्चे की शिजवलेले?" डोळ्यांत तेल घालून पहारा करणाऱ्या शिपायाच्या चित्राखाली त्याने लिहिले, "डोळे चुरचुरतील. पहारा होणार नाही." चित्रे वर्गभर फिरली. मुले हसली, पण बाके कोणी वाजविली नाहीत. या वेळी तोही हसत होता. तास संपता संपता त्याने हात वर केला आणि नवा प्रश्न विचारला.

अशा मुलांना इतरांच्या बरोबरीने एकाच वर्गात शिकता यावे, अशी तरतूद २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्यात आहे. परंतु वर्गात त्यांना प्रश्न विचारण्याचे धैर्य वाटावे, हे काम कायद्याने होत नाही. ते शेजारच्या बाकावरील मित्रमैत्रिणींनी करावयाचे असते.

स्वाध्याय

१. आजी नातवाला आमटीची चव घ्यावयास का सांगते?
२. वर्गातील पहिले हसणे आणि दुसरे हसणे यांत कोणता फरक होता?
३. कोणतेही तीन वाक्प्रचार निवडा. त्यांच्या सरळ अर्थाची चित्रे काढून खाली खरा अर्थ लिहा.