आधी डीपीवर टोन बघ

चिऊ,

दर गुरुवारी संध्याकाळी ज्येष्ठ नागरिक संघाच्या खोलीत मी फोनची ओपीडी चालवतो, हे तुला माहीत आहेच. या नोव्हेंबरात माझ्या दोन्ही डोळ्यांचे मोतीबिंदू निघायचेत, म्हणून दोन महिने ती तुझ्याकडे. बटणं कुठं आहेत हे तुला माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक. तुझी बोटं झरझर चालतात, काळजी त्याचीच वाटते. म्हणून हे चार कागद.

निम्म्याहून जास्त लोकांचं गाऱ्हाणं एकच असतं: "ॲप उतरत नाही." त्यावरच लिहितो.

साताऱ्यात मी ३२ वर्षं टेलिफोनचा लाइनमन होतो. एक्स्चेंजपासून घरापर्यंत तारेची एक जोडी जायची: एमडीएफ, कॅबिनेट, पिलर, मग खांबावरची डीपी म्हणजे घरोघरच्या तारा जिथून फुटतात ती पेटी, तिथून ड्रॉप वायर आणि शेवटी घरातला फोन. १९८ वर तक्रार आली की नवा पोरगा थेट घरात शिरायचा आणि फोनच खोलून बसायचा. जुना माणूस आधी डीपीवर टेस्टर लावायचा. तिथं टोन आला तर दोष घराकडे, नाही आला तर एक्स्चेंजकडे. एका मिनिटात अर्धी लाइन निकालात निघायची. ॲपचंही तसंच आहे. दोष कुठल्या बाजूला आहे ते कळेपर्यंत काही खोलायचं नाही.

आधी ऐकून घे

"उतरत नाही" या दोन शब्दांत पाच वेगवेगळे आजार असतात. कुणाचं 'पेंडिंग' लिहून अडकतं. कुणाचं वर्तुळ नुसतं फिरत राहतं. कुणाचं पूर्ण उतरतं, पण इन्स्टॉल होताना मान टाकतं. कुणाला स्टोअरमध्ये ते ॲप सापडतच नाही. आणि पाचवा आजार मजेशीर आहे: ॲप उतरलेलं असतं, फक्त दिसत नाही.

हा पाचवा तुला नोव्हेंबरात हमखास भेटणार. पेन्शनरांचे हयातीचे दाखले त्याच महिन्यात द्यायचे असतात. २०२१ पासून ते घरबसल्या चेहरा दाखवूनही देता येतात. त्यासाठी दोन ॲप लागतात, एक जीवन प्रमाणचं आणि दुसरं 'आधार फेस आरडी'. हे दुसरं पडद्याआड काम करतं, त्याचं चित्र फोनच्या पडद्यावर येतच नाही. गेल्या साली बँकेतून निवृत्त झालेले एक गृहस्थ तणतणत आले, "पाच वेळा उतरवलं हो, पाचही वेळा गायब!" मी सेटिंगमधली ॲपची यादी उघडून दाखवली. तिथं ते मुकाट्याने बसलं होतं. तेव्हा पहिला प्रश्न हाच विचार: "पडद्यावर नेमकं काय लिहून येतं?" सांगता आलं नाही तर त्यांना तुझ्यासमोर पुन्हा उतरवायला लाव आणि तू हाताची घडी घालून बघत राहा.

मग डीपीची चाचणी

आपली डीपी म्हणजे दुसरं एखादं चिमुकलं ॲप. कॅल्क्युलेटर, टॉर्च, काहीही. बनवणारा ओळखीचा असला म्हणजे झालं. ते उतरवून बघ. झटकन उतरलं तर इंटरनेट ठीक, स्टोअर ठीक, खातंही ठीक. मग दोष त्या अडकलेल्या ॲपपाशी किंवा फोनमधल्या जागेपाशी शोधायचा. चिमुकलंही अडलं, तर दोष अलीकडे आहे: नेट, स्टोअर किंवा खातं.

अलीकडे असेल तर वाय-फाय बंद करून मोबाइल डेटावर बघ, किंवा उलट. एकावर चाललं, दुसऱ्यावर नाही, म्हणजे तारेतला दोष सापडला. फोन काही खोलावा लागला नाही.

एका वेळी एकच गोष्ट बदल

पावसाळ्यात केबलच्या जॉइंटमध्ये पाणी शिरलं की लाइनवर खरखर यायची. घाईत चार जॉइंट एकदम खोलले तर खरखर जायची, पण कुठल्या जॉइंटमुळे गेली ते कुणालाच कळायचं नाही. पुढच्या पावसात तीच तक्रार परत. म्हणून एक बदल कर, करून बघ, वहीत लिही, मग दुसरा. क्रम असा ठेव की बिनधोक ते आधी आणि मागे फिरता येत नाही ते सगळ्यात शेवटी.

बिनधोक उपाय हे. फोन बंद करून चालू कर. विमानाच्या चित्राचं बटण दहा सेकंद चालू ठेवून बंद कर. 'पेंडिंग' असेल तर प्ले स्टोअरमध्ये वरच्या कोपऱ्यातल्या फोटोवर टिचकी मारून 'मॅनेज ॲप्स अँड डिव्हाइस'मध्ये जा. बहुधा पुढे पंधरा ॲपच्या अपडेटची रांग लागलेली असते आणि आपलं बिचारं शेवटी उभं असतं. बाकीच्यांना थांबव, आपल्याला पुढे घे. तिथल्याच सेटिंगमध्ये डाउनलोड 'फक्त वाय-फायवर' असं ठेवलेलं आहे का तेही बघ. घरात वाय-फाय नसलेल्या माणसाचं ॲप मग जन्मभर वाट बघत बसतं. डेटा सेव्हर चालू असेल तर तो घटकाभर बंद कर.

आणि तारीख बघ. हसू नकोस. एका आजींचा टॅब बरेच महिने कपाटात पडून होता. चार्ज केला तर तारीख कुठल्या तरी जुन्या सालची. फोन स्टोअरशी बोलायला लागतो तेव्हा स्टोअर आपलं ओळखपत्र दाखवतं आणि त्या ओळखपत्रावर अमुक तारखेपासून तमुक तारखेपर्यंत अशी मुदत असते. टॅबच्या हिशेबाने ते ओळखपत्र अजून तयारच झालेलं नव्हतं, म्हणून त्याने दारच उघडलं नाही. तारीख-वेळ 'ऑटोमॅटिक' केली आणि सगळं सुरळीत. आजी म्हणाल्या, "एवढंच?" बऱ्याच वेळा एवढंच असतं.

जागेचा प्रश्न नाजूक असतो

उतरताना ॲप आधी गाठोड्यासारखं येतं, मग सोडलं जातं. म्हणून स्टोअरमध्ये लिहिलेल्या आकाराएवढीच जागा असून भागत नाही, ऐसपैस लागते. निदान एक जीबी तरी मोकळी असू दे.

जागा कोण खातं? सुप्रभात. फुलं, देव, उगवता सूर्य आणि लग्नांचे व्हिडिओ. तळमजल्यावरच्या मावशींना मी सरळ "हे पुसू का?" विचारलं, तर त्यांनी फोन छातीशी धरला. त्यांचा मुलगा परदेशी असतो, नातवाचे पहिले व्हिडिओ त्यातच आहेत. तेव्हापासून मी गॅलरीला हात लावत नाही. व्हॉट्सॲपच्या सेटिंगमध्ये 'स्टोरेज अँड डेटा', त्यात 'मॅनेज स्टोरेज' उघडतो. तिथं '५ एमबीपेक्षा मोठे' आणि 'अनेकदा फॉरवर्ड झालेले' असे दोन ढीग आधीच करून ठेवलेले असतात. फॉरवर्डचा ढीग उघडून फोन त्यांच्याच हातात देतो. नातू त्या ढिगात सहसा नसतो. मावशींनी स्वतःच्या हाताने एकेक सूर्य मावळवला आणि वर म्हणाल्या, "बरं वाटलं हो."

एक लक्षात ठेव. गॅलरीतून पुसलेला फोटो लगेच जात नाही, कचऱ्याच्या डब्यात जातो. आयफोनवर साधारण ३० दिवस, गूगल फोटोजमध्ये बॅकअप झालेला असेल तर ६० दिवस. डबा रिकामा केला नाही तर जागा मोकळी होत नाही. मात्र रिकामा करण्यापूर्वी मालकाला दोनदा विचार.

आता धोक्याचं

एवढ्याने भागलं नाही तरच सेटिंगमधून ॲपच्या यादीत जाऊन प्ले स्टोअर उघड. आधी 'क्लिअर कॅश'. हे पुसलं तर काहीच बिघडत नाही. त्यानंतर, लागलंच तर, 'क्लिअर स्टोरेज'. त्याने स्टोअरच्या सेटिंग पहिल्यासारख्या होतात, फोनमधली ॲप जात नाहीत. पण हे प्ले स्टोअरपुरतंच बरं का. बोट घसरून तेच बटण व्हॉट्सॲपवर दाबलं आणि बॅकअप नसला, तर वर्षानुवर्षांचं बोलणं गेलं. दाबण्यापूर्वी वरचं नाव मोठ्याने वाच. मी आजही वाचतो. त्याच यादीत प्ले स्टोअरला खेटून 'प्ले सर्व्हिसेस' असतं, त्याचं स्टोरेज पुसू नकोस. हेही जमलं नाही तर प्ले स्टोअरच्या तीन ठिपक्यांतून 'अनइन्स्टॉल अपडेट्स' कर. नवं अपडेट ते स्वतःच घेतं.

अपडेट अडकलं म्हणून ॲप काढून पुन्हा टाकू, हा तुम्हा पोरांचा आवडता उपाय. बँकेचं किंवा यूपीआयचं ॲप असं काढू नकोस. परत टाकल्यावर ते नव्याने नोंदणी मागतं, सिमवरून मेसेज पाठवायला लावतं, कार्डाचे आकडे विचारतं. कार्ड घरी, पिन विसरलेला, आणि उद्या गॅसचे पैसे भरायचे असतात.

गूगल खातं काढून पुन्हा जोडणं हा जवळजवळ शेवटचा उपाय. पासवर्ड आठवतोय असं त्यांनी सांगून चालणार नाही, तो चालतोय हे दुसऱ्या फोनवर किंवा कॉम्प्युटरवर आधी बघून घे. आणि फॅक्टरी रीसेट? संघाच्या खोलीत कधीच नाही. फोन कोरा होतो आणि बहुतेक फोन उघडताना पुन्हा जुनं गूगल खातंच मागतात. ते आठवलं नाही तर हातात दगड उरतो.

कधी कधी दोष माणसाचा असतो

कधी माझाच. तुझा धाकटा भाऊ आयपॅडवर खेळ उतरवत सुटला होता, आठवतं? मी 'स्क्रीन टाइम'मध्ये जाऊन ॲप इन्स्टॉल करणं बंद केलं आणि विसरून गेलो. दोन महिन्यांनी बघतो तर अख्खं ॲप स्टोअरच गायब! कॅश शोधली, नेट तपासलं, आयपॅड तीनदा बंद-चालू केला. शेवटी तूच विचारलंस, "आजोबा, तुम्हीच कुलूप लावलं होतं ना?" कुलूप लागलं की ते चित्रच पडद्यावरून जातं. तेव्हापासून मी प्रत्येकाला विचारतो, "मुलाने-सुनेने यात काही करून दिलं होतं का?"

आयफोनवाल्यांचं आणखी एक. मोबाइल डेटावर २०० एमबीपेक्षा मोठं ॲप असेल तर आयफोन ते उतरवण्यापूर्वी परवानगी विचारतो. प्रश्न वाचायला चष्मा जवळ नसतो, माणूस 'नाही' दाबतो आणि मग म्हणतो उतरत नाही. आणि मोफत ॲपही पैशांची माहिती मागायला लागलं, तर आधीची कुठली वर्गणी थकली आहे का ते बघ.

सरळ सांगावं लागतं

'तुमच्या उपकरणाला हे ॲप चालत नाही' असं आलं तर फार झटू नकोस. फोन म्हातारा झालाय. ऑगस्ट २०२३ पासून गूगलने अँड्रॉइड ४.४ च्या फोनांना प्ले सर्व्हिसेसची नवी अपडेट देणं थांबवलं. तसले टॅब अजून घरोघरी आहेत. तेच काम ब्राउझरमधून त्या संस्थेच्या वेबसाइटवर होतंय का ते बघ, बऱ्याचदा होतं. जुन्या आयफोन-आयपॅडवर कधी कधी ॲपची मागची आवृत्ती घेऊ का, असं विचारतात, ती घ्यावी. आणि ॲप दुकानात सापडतच नसेल तर ते बंदही झालेलं असू शकतं. २९ जून २०२० ला सरकारने ५९ ॲपवर बंदी घातली. त्यातलं एक शोधत मधल्या आळीतल्या आत्या अजून अधूनमधून येतात. त्यांना चहा दे.

इथंच माणूस घसरतो. पुढच्या दाराने मिळालं नाही की कुणीतरी व्हॉट्सॲपवर मागचं दार दाखवतं: "ही एपीके फाइल टाका, लगेच उतरेल." वीजबिल थकल्याचा मेसेज, गाडीच्या चलनाचा मेसेज, लग्नाची पत्रिका, अशा रूपांत या फाइली येतात. टाकली की ती मेसेज वाचू लागते, ओटीपीसकट. फोनने 'अनोळखी ठिकाणचं ॲप' म्हणून अडवलं तर तो अडवतोय ते बरोबरच आहे, ती अडचण तू दूर करू नकोस. गूगलवर सापडलेल्या कस्टमर केअरच्या नंबरावर फोन करून स्क्रीन दाखवायचीही नाही. कुणी फसलंच तर घड्याळ न बघता १९३० ला फोन लाव आणि बँकेला कळव. ओशाळून उद्यावर ढकलतात, आणि तेवढ्यात पैसे पुढच्या पुढच्या खात्यांत पळतात.

शेवटचं बटण

पासवर्ड टाकायची वेळ आली की तू खिडकीबाहेर बघ. बरेच जण तो कॅलेंडरच्या मागे लिहून ठेवतात आणि मोठ्याने वाचतात. वाचू देऊ नकोस.

वही टेबलाच्या डाव्या खणात आहे. तारीख, फोन कुठला, काय लिहून आलं, काय बदललं, कशाने चाललं. लोकांची नावं लिहू नकोस. मागची पानं चाळ, बरेचसे दोष तिथंच भेटतील.

आणि सगळं ठाकठीक झालं की 'इन्स्टॉल' तू दाबू नकोस. घरी लाइन दुरुस्त झाली की मी स्वतः कधी फोन लावून बघत नसे. रिसीव्हर घरातल्या आजीच्या हातात द्यायचो. टोन ऐकला की त्यांचा चेहरा फुलायचा, आणि पुढच्या वेळी खरखर आली तर ती कशी येते हेही त्याच नीट सांगायच्या.

तुझा,
आजोबा