या अंकाचा पाठ : बेकारी विमा



दर अंकात आपण रोज लागणाऱ्या शब्दांचा एक पाठ घेतो. या वेळचा विषय जरा जड आहे, पण आपल्या बे एरियात तो बऱ्याच घरांत येऊन गेला आहे. नोकरी गेली तर कॅलिफोर्नियाच्या सरकारी ऑफिसशी व्यवहार कसा करायचा? मोठ्या मुलांनी हा पाठ स्वतः वाचावा. लहानांना आईबाबांनी वाचून दाखवावा, आणि वाचता वाचता स्वतःही वाचावा!

१. आधी एक शब्द

वर्गात एखादे पेन चालेनासे झाले की मुले म्हणतात, "हे बेकार आहे!" हा शब्द फारसीतून आपल्याकडे आला. 'बे' म्हणजे शिवाय आणि 'कार' म्हणजे काम. ज्याच्या हाताला काम नाही तो बेकार. बेघर, बेफिकीर, बेरोजगार हे शब्द याच घडणीचे. न चालणाऱ्या पेनासाठी 'निकामी' हा चांगला शब्द आहे. हा फरक नीट लक्षात ठेवा. नोकरी गेलेली आई काही आठवडे बेकार असेल, पण ती निकामी होत नाही.

हे आम्ही मुद्दाम लिहीत आहोत. नोकरी गेली की पुष्कळ घरांत पहिली गोष्ट होते ती लपवालपवी. लोक काय म्हणतील, मुलांना काय वाटेल, सरकारपुढे हात कशाला पसरायचा, या विचारात दोन-तीन आठवडे निघून जातात. या लाजेची किंमत डॉलरांत मोजावी लागते. ती कशी, ते पुढे पाहू.

२. हात पसरणे आणि हक्क मागणे

१९३० नंतरच्या महामंदीत अमेरिकेत साधारण दर चार कामगारांमागे एकाला काम नव्हते. १९३२ साली विस्कॉन्सिन राज्याने बेकारी विम्याचा देशातला पहिला कायदा केला. १९३५ साली राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी सोशल सिक्युरिटी कायद्यावर सही केली आणि ही योजना देशभर जाण्याचा रस्ता मोकळा झाला. त्या कामात मजूरमंत्री फ्रान्सिस पर्किन्स यांचा मोठा वाटा होता. अमेरिकेच्या मंत्रिमंडळातल्या त्या पहिल्या स्त्री. कायद्याची चौकट केंद्राची, कारभार राज्याचा, अशी रचना तेव्हापासून आहे. म्हणून प्रत्येक राज्याचे नियम वेगळे असतात. टेक्सासच्या मावशीचा अनुभव इथे जसाच्या तसा लागू होईलच असे नाही.

कॅलिफोर्नियात या विम्याचा हप्ता मालक भरतो. पगाराच्या चिठ्ठीवर 'एसडीआय' म्हणून जे पैसे कापलेले दिसतात ते आजारपणाच्या व कुटुंबासाठी घेतलेल्या रजेच्या विम्याचे असतात, बेकारीचे नव्हेत. गाडीचा विमा असेल तर अपघातानंतर आपण भरपाई मागतो आणि त्यात कोणाला लाज वाटत नाही. हेही तसेच आहे.

आजीआजोबांना महाराष्ट्राची रोजगार हमी योजना आठवत असेल. १९७२ च्या दुष्काळात ती मोठ्या प्रमाणावर राबवली गेली आणि १९७७ साली तिचा कायदा झाला. तिथे सरकार काम मागणाऱ्याला काम देते. इथे काम मिळेपर्यंत पगाराचा काही भाग देते. रीत निराळी, पण दोन्हीकडे मागणाऱ्याचा हक्क कायद्याने मानलेला आहे.

३. अर्ज कधी करायचा?

उत्तर एका ओळीचे : काम थांबले त्याच आठवड्यात.

कॅलिफोर्नियात हे काम एम्प्लॉयमेंट डेव्हलपमेंट डिपार्टमेंट, म्हणजे ईडीडी, पाहते. ज्या आठवड्यात अर्ज कराल त्या आठवड्याच्या रविवारपासून तुमचा दावा सुरू होतो. आधी गेलेले आठवडे सहसा परत मिळत नाहीत. शिवाय पहिला पात्र आठवडा बिनपैशांचा, वाट पाहण्याचा असतो. तीन आठवडे लाजत बसले तर तीन आठवडे गेले.

कंपनीने सेव्हरन्स दिले म्हणून थांबू नका. मिळालेली रक्कम अर्जात खरी लिहा. तिचा काय परिणाम होतो ते ऑफिस ठरवील.

अर्ज संगणकावरून, फोनवरून, टपालाने किंवा फॅक्सने करता येतो. बसण्यापूर्वी हे जवळ ठेवा : सोशल सिक्युरिटी नंबर, ओळखपत्र, नागरिक नसाल तर काम करण्याच्या परवानगीचे कागद, गेल्या १८ महिन्यांतल्या सर्व मालकांची नावे-पत्ते, कामाच्या तारखा व पगार, शेवटच्या कामाचा दिवस आणि नोकरी का गेली याचे कारण. कारण थोडक्यात आणि खरे लिहा. कंपनीने माणसे कमी केली असतील तर तेवढेच पुरे. कंपनीलाही विचारले जाते, म्हणून दोन्हीकडची हकिगत जुळली पाहिजे.

४. टपालातले फसवे शब्द

काही दिवसांनी 'नोटीस ऑफ अवॉर्ड' येते. मुलांनो, हे बक्षीस नाही बरे का! इथे 'अवॉर्ड' म्हणजे पगाराच्या नोंदीवरून काढलेली रक्कम. ती कागदावर आली म्हणजे दावा मंजूर झाला असेही नाही. पालकांनी त्यातले पगाराचे आकडे जुन्या चिठ्ठ्यांशी ताडून पाहावेत. आकडे चुकले असतील तर पत्रात दिलेल्या मुदतीत कळवावे.

'बेस पीरियड' म्हणजे हिशेबासाठी धरलेले १२ महिने, चार तिमाह्यांचे. एप्रिल ते जूनमध्ये अर्ज केला तर सहसा आदल्या वर्षाचे जानेवारी ते डिसेंबर धरतात.

'सर्टिफाय करणे' म्हणजे दर दोन आठवड्यांनी ऑफिसला जबाब देणे. काम शोधलेत का? काम करायला मोकळे व तब्येतीने ठीक होता का? आलेले काम नाकारले का? काही कमाई झाली का? हा जबाब दिला नाही तर दावा मंजूर असूनही पैसे येत नाहीत. वाट पाहण्याच्या आठवड्याचाही जबाब द्यावा लागतो. काम कुठे कुठे शोधले ते तारखेसह वहीत लिहून ठेवा. चुकीची माहिती दिली तर पैसे परत करावे लागतात, आणि ती जाणूनबुजून दिली असेल तर वर दंडही होतो.

५. थोडा हिशेब

कॅलिफोर्नियात आठवड्याला ४० ते ४५० डॉलर मिळतात. ४५० ची कमाल मर्यादा २००५ पासून आहे. एका दाव्यावर जास्तीत जास्त २६ आठवड्यांचे पैसे मिळतात. २६ × ४५० = ११,७०० डॉलर. बे एरियाचे घरभाडे पाहता ही रक्कम थोडी आहे, पण वाणसामान आणि विजेचे बिल भागते.

मध्ये थोडे काम मिळाले तर? आठवड्याच्या कमाईतले २५ डॉलर किंवा कमाईचा चौथा हिस्सा, यातले जे जास्त असेल ते सोडून देतात. उरलेली रक्कम भत्त्यातून वजा होते. समजा भत्ता ४५० आणि कमाई २००. चौथा हिस्सा ५०. उरले १५०. म्हणून मिळतील ३०० डॉलर. कमाई ज्या आठवड्यात केली त्याच आठवड्यात दाखवायची, पगार हातात कधी आला ते पाहायचे नाही. कापाकापीच्या आधीचा आकडा लिहायचा.

या भत्त्यावर केंद्राचा आयकर लागतो, कॅलिफोर्नियाचा लागत नाही. दर वेळी १० टक्के कापून घ्या असे सांगता येते.

६. फोन करताना

फोन लागायला वेळ लागतो, विशेषतः सोमवारी. २०२० च्या साथीत तर लोकांनी दिवसदिवस फोन फिरवले. कागद समोर ठेवा. बोलणाऱ्याचे नाव, तारीख, वेळ आणि काय ठरले ते लिहून घ्या. पुढच्या खेपेला त्याच वहीतून बोला. इंग्रजीत अडत असेल तर दुभाषी मागा. ती सेवा फुकट असते. नोकरी सुटण्याच्या कारणाबद्दल प्रश्न असेल तर ऑफिस फोनवर मुलाखतीची वेळ देते. त्या वेळी घरात शांतता ठेवणे हे मुलांचे काम!

आणि सावध राहा. "लवकर पैसे मिळवून देतो" म्हणत कोणी पासवर्ड किंवा फी मागितली तर फोन ठेवून द्या. अर्ज करायला पैसे पडत नाहीत.

७. व्हिसावर असलेल्यांसाठी

या विम्याची एक अट अशी, की माणूस कायद्याने काम करायला मोकळा हवा. एच-१बी व्हिसा एका मालकाशी बांधलेला असल्याने इथे अडचण येते. नोकरी गेल्यावर त्यांना देशात राहायला जास्तीत जास्त ६० दिवसांची सवलत असते, तीही व्हिसाची मुदत आधी संपत नसेल तर. अशा कुटुंबांनी पहिल्याच आठवड्यात इमिग्रेशनच्या वकिलाला विचारावे. मित्राच्या सल्ल्यावर विसंबू नये.

८. 'नाही' असे पत्र आले तर

हातपाय गाळू नका. पत्राच्या तारखेपासून ३० दिवसांत अपील करता येते. ते स्वतंत्र न्यायाधीशांपुढे जाते आणि वकील लागतोच असे नाही. अपील चालू असतानाही दर दोन आठवड्यांचा जबाब देत राहा. नाहीतर अपील जिंकूनही मधले पैसे अडकतील.

घरी बोलायचा संवाद

(दोघांनी मोठ्याने वाचावा.)

मुलगी : बाबा, तुम्ही आज ऑफिसला का नाही गेलात?
बाबा : माझी नोकरी गेली, बाळ. कंपनीने बरीच माणसे कमी केली.
मुलगी : मग आता?
बाबा : आज विम्याचा अर्ज करतो आणि उद्यापासून नवे काम शोधतो.
मुलगी : शाळेत कोणी विचारले तर काय सांगू?
बाबा : खरे सांग. बाबा काम शोधताहेत.

स्वाध्याय

१. 'बे' ने सुरू होणारे आणि 'शिवाय' असा अर्थ असलेले पाच शब्द लिहा. (बेडूक चालणार नाही!)
२. 'हात पसरणे', 'हातपाय गाळणे', 'हातभार लावणे' यांचा वाक्यांत उपयोग करा.
३. भत्ता ४५० डॉलर आणि आठवड्याची कमाई ८० डॉलर. भत्ता किती मिळेल? (आधी २५ डॉलर मोठे की चौथा हिस्सा मोठा, ते पाहा.)
४. पालकांसाठी : गेल्या १८ महिन्यांच्या पगाराच्या चिठ्ठ्या एका फाईलमध्ये लावा. नोकरी पक्की असली तरी लावा.

वह्या पुढच्या वर्गाला आणाव्यात. कोणाला अर्जातले एखादे पत्र समजत नसेल तर वर्ग सुटल्यावर थांबा. आपण दार लावून, चहा घेत, शांतपणे वाचू. कोणाचे नाव वर्गाबाहेर जाणार नाही.

आपले,
शिक्षक मंडळी