रिकामी दिसणारी लेन आणि पाचशेचे चलन

प्रश्न : नोकरीनिमित्त चार वर्षांपासून चेन्नईत, शोलिंगनल्लूरला राहतो. गाडी पुण्याहून आणलेली, एमएच-१२ची. सुट्टीत पुण्याला गेलो असता बीआरटीच्या, म्हणजे फक्त बससाठी राखलेल्या, लेनमधून गाडी नेली म्हणून ई-चलन आले आहे. सोसायटीच्या ग्रुपवर एक जण म्हणतो, याला दहा हजार दंड आणि सहा महिने कैद आहे. दुसरा म्हणतो, अशा चलनाला कायद्याचा आधारच नाही, भरू नका. खरे काय? लेन तर पूर्ण रिकामी होती. उद्या चेन्नईत अण्णा सालैवर अशी लेन झाली, तर तिथला नियम निराळा असेल का?
— एक वाचक, चेन्नई

उत्तर : आधी दहा हजारांची भीती काढून टाकू. हा आकडा दिल्लीतून आला. १ एप्रिल २०२२ पासून दिल्ली सरकारने बसगाड्या आणि मालवाहू गाड्यांनी आखून दिलेल्या लेनमध्येच चालावे म्हणून मोहीम उघडली, आणि लेन सोडणाऱ्या चालकाला दहा हजारांपर्यंत दंड व सहा महिन्यांपर्यंत कैद होईल अशा बातम्या देशभर छापून आल्या. त्या शिक्षेमागे होते मोटार वाहन कायद्याचे कलम १९२-अ, म्हणजे परवान्याच्या अटी मोडल्याबद्दलची शिक्षा. हा परवाना म्हणजे बस, ट्रक, टॅक्सी यांना धंद्यासाठी लागणारे परमिट. घरच्या गाडीला परमिट नसतेच, तेव्हा त्याच्या अटी मोडण्याचा प्रश्नही येत नाही. थोडक्यात, बसचालकाला लावलेली शिक्षा ग्रुपवर फिरता फिरता बसलेनमध्ये शिरणाऱ्या मोटारवाल्याच्या गळ्यात पडली. कैदेची शक्यता खासगी चालकालाही आहे, पण ती वेगळ्या कारणाने. त्याच लेनमधून उलट दिशेने गाडी हाणली किंवा लाल दिवा तोडून आत घुसले, आणि तेही दुसऱ्याच्या जिवाला धोका होईल अशा रीतीने, तर कलम १८४ लागते. तिथे पहिल्याच गुन्ह्याला एक ते पाच हजार रुपये दंड, किंवा सहा महिने ते एक वर्ष कैद, किंवा दोन्ही सांगितले आहे. सरळ दिशेने, नुसती बसची लेन वापरणे हा त्या तोडीचा गुन्हा नाही.

मग दंड येतो कुठून? ‘बसलेनमध्ये शिरल्यास इतका दंड’ असे स्वतंत्र कलम १९८८ च्या कायद्यात शोधायला गेलात तर सापडणार नाही. ते तीन-चार कलमे जोडून तयार होते. कलम ११५ ने राज्य सरकारला किंवा त्याने नेमलेल्या अधिकाऱ्याला एखाद्या रस्त्यावर ठरावीक प्रकारच्या वाहनांना मनाई करता येते, मात्र ती राजपत्रात अधिसूचना काढून. मनाई केली की कलम ११६ प्रमाणे तिथे पाट्या लावाव्या लागतात. कलम ११९ सांगते की आज्ञा देणारी पाटी प्रत्येक चालकाने पाळलीच पाहिजे. आणि जिथे निराळी शिक्षा लिहिलेली नाही तिथे कलम १७७ : पहिल्या वेळी पाचशे, पुढच्या प्रत्येक वेळी पंधराशे रुपयांपर्यंत. १ सप्टेंबर २०१९ पूर्वी हेच आकडे शंभर आणि तीनशे होते. लेनच्या शिस्तीचा नियम मोडला म्हणून चलन केले तर कलम १७७-अ, त्यात पाचशे ते एक हजार. जागेवर किंवा ऑनलाइन भरायचे तडजोड शुल्क कलम २०० खाली राज्ये ठरवतात. महाराष्ट्राने नवे दर डिसेंबर २०२१ मध्ये लावले, तामिळनाडूने ऑक्टोबर २०२२ मध्ये. मूळ कायदा केंद्राचा, त्यामुळे पुण्याचे कात्रज असो की अण्णा सालै, सांगाडा एकच. फरक पडलाच तर तो तडजोडीच्या रकमेत.

यातूनच ग्रुपवरच्या दुसऱ्या सल्ल्याचे उत्तर निघते. ‘आधारच नाही’ हे चूक, पण त्यात तथ्याचा एक अंश आहे आणि तो मला महत्त्वाचा वाटतो. लेनला कायद्याचे बळ देते ती अधिसूचना आणि पाटी. नुसता रस्त्यावर ओढलेला रंगाचा पट्टा ते देऊ शकत नाही. कलम ११५ मध्ये अधिसूचनेला एकच सूट आहे : मनाई एका महिन्यापेक्षा जास्त दिवस राहणार नसेल तर राजपत्राची गरज नाही, स्थानिक प्रसिद्धी पुरे. वर्षानुवर्षे चालणारी बसलेन या सवलतीत बसत नाही. तेव्हा चलन उघडा आणि फोटो मोठा करून पाहा. तुमच्या गाडीची नंबरप्लेट वाचता येते का? गाडी खरोखर लेनच्या आत आहे, की चौकात लेन ओलांडताना टिपली गेली? लेनच्या तोंडाशी निळ्या गोलातले बसचे चित्र किंवा ‘फक्त बससाठी’ अशी पाटी आहे का, की ती झाडाच्या फांदीआड किंवा फलकामागे गेली आहे? तारीख, वेळ, ठिकाण आणि कलम लिहिले आहे का? चलन कॅमेऱ्याचे असेल तर केंद्रीय मोटार वाहन नियमांतला १६७-अ हा नियम लागू होतो. हा नियम ऑगस्ट २०२१ मध्ये आला. त्याप्रमाणे यंत्र प्रमाणित हवे, कॅमेरा आहे हे सांगणारी पाटी आधी दिसायला हवी, आणि गुन्ह्याची सूचना १५ दिवसांत मालकाकडे धाडायला हवी. पोलिसाने हातातल्या फोनवर काढलेला फोटो या नियमातल्या यंत्रात बसतो का, हा वाद तुम्हाला तुमच्या चलनापुरता उपस्थित करता येईल.

एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवा. तडजोड शुल्क भरले की प्रकरण मिटते, आणि मग ‘माझी चूक नव्हती’ म्हणायला जागा उरत नाही. भरायचे किंवा लढायचे, यांपैकी एकच करता येते. लढायचे असेल तर महाराष्ट्र वाहतूक पोलिसांच्या ई-चलनाच्या ॲपवर आधी तक्रार नोंदवा. तिथे दाद लागली नाही तर न्यायालय आहेच, आणि व्हर्च्युअल कोर्टाकडे गेलेल्या चलनावर गुन्हा नाकारण्याचा पर्यायही असतो. पण तिथून प्रकरण नेहमीच्या न्यायालयात जाते आणि तुम्ही राहता चेन्नईत. पाटी स्वच्छ दिसत होती आणि गाडी लेनमध्ये होती, तर पाचशे रुपयांसाठी पुण्याच्या खेपा घालणे हा हिशेब मला पटत नाही. गाडी त्या दिवशी दुसरे कुणी चालवत असेल तर कलम १३३ प्रमाणे चालकाचे नाव-पत्ता विचारल्यावर देणे मालकावर बंधनकारक आहे. ते दिले की जबाबदारी त्याच्याकडे वळते.

‘लेन तर रिकामी होती’ हा तुमचा मुद्दा कायद्यात टिकत नाही. लाल दिव्याला समोर कुणी नव्हते म्हणण्यासारखाच तो आहे. पण आक्षेप म्हणून तो गंभीर आहे आणि नुसता झटकून टाकण्याजोगा नाही. जरा आकडेमोड करू. एका लेनमधून मिनिटाला एक बस जाते आणि तिच्यात साठ माणसे आहेत असे धरा. तासाला ३,६०० माणसे झाली. ती बस ताशी ३० किलोमीटरने धावत असेल तर दोन बसमध्ये पाचशे मीटरचे अंतर पडते. शेजारच्या कोंडीत अडकलेल्या मोटारवाल्याला काचेतून तो अर्धा किलोमीटर मोकळा रस्ताच दिसतो, त्यातून तासाभरात गेलेली माणसे दिसत नाहीत. शेजारच्या लेनमधून तासाला हजार मोटारी सुटल्या, हे उदार गृहीतक झाले, आणि दर गाडीत दीड माणूस धरला तरी दीड हजारच होतात. म्हणजे रिकामी दिसणारी लेन भरलेल्या लेनच्या दुपटीहून जास्त काम करते. आता हेच गणित उलटे लावा. बस दर दहा मिनिटांनी येत असेल तर लेनमधून तासाला ३६० माणसेच जातात, आणि मग ती रिकामी लेन खरोखरच वाया चाललेली असते. तेव्हा आक्षेप बरोबर की चूक हे बसच्या फेऱ्यांवर ठरते. लेन राखायची आणि गाड्या मात्र पुरवायच्या नाहीत, असे करणाऱ्या महापालिकेला मोटारवाल्यांना नावे ठेवण्याचा फारसा अधिकार नाही.

दिल्लीत हा वाद थेट उच्च न्यायालयात गेला होता. आंबेडकर नगर ते मूलचंद हा ५.८ किलोमीटरचा बीआरटी मार्ग २००८ मध्ये सुरू झाला. बसची लेन सगळ्यांना खुली करा, अशी मागणी ‘न्याय भूमी’ या संस्थेने याचिकेतून केली आणि ऑक्टोबर २०१२ मध्ये न्यायालयाने ती फेटाळली. रस्त्याचा विचार वाहनांच्या संख्येने करायचा की माणसांच्या, हाच त्या वादाचा गाभा होता. तरीही पुढे सरकारने तो मार्ग गुंडाळायचे ठरवले आणि २०१६ मध्ये तो उखडला गेला. पुण्याचा अनुभवही फार निराळा नाही. २००६ साली कात्रज–स्वारगेट–हडपसर मार्गावर देशातला पहिला बीआरटीचा प्रयोग झाला, २०१५ मध्ये संगमवाडी–विश्रांतवाडीपासून ‘रेनबो’ नावाने दुसरी फेरी सुरू झाली, आणि काही वर्षांतच नगर रस्त्यावरची लेन काढायला घेतली गेली. लेनच्या तोंडाशी शिट्टी घेऊन वॉर्डन उभा असेपर्यंत दुचाकीवाले बाहेर, तो चहाला गेला की आत, हे पुणेकरांना सांगायला नको. न्यायालयात जिंकूनही लेन रस्त्यावर हरू शकते, कारण तिची राखण रोज, प्रत्येक तासाला व्हावी लागते.

इथे कुणी म्हणेल, मग पाचशे रुपये फारच थोडे झाले, सरळ दहा हजार करा. कलम २१०-अ प्रमाणे राज्यांना दंड दहापटीपर्यंत वाढवताही येतो. मला हा मार्ग चुकीचा वाटतो. दंड मोठा केला की तो लावणाऱ्याचा हात आखडतो आणि जागच्या जागी ‘मिटवण्याचा’ भावही वाढतो. दुचाकीवरून डबे पोचवणाऱ्या पोराला तो महिन्याच्या पगाराएवढा, तर मोठ्या गाडीवाल्याला टोल भरल्यासारखा. चालकाला खरे भय असते ते सापडण्याच्या खात्रीचे. न्यूयॉर्कमध्ये बसवरच कॅमेरे बसवले आहेत. पहिल्या वेळी ५० डॉलर, आणि पुन्हापुन्हा सापडलात तर चढत २५० डॉलर. लंडनच्या मुख्य रस्त्यांवर बसलेनचा आकार १६० पौंड आहे, चौदा दिवसांत भरल्यास निम्मा, आणि लेन कोणत्या वेळात फक्त बसची आहे हे पाटीवरच लिहिलेले असते. तिथे हा फौजदारी गुन्हा राहिलेला नाही, पार्किंगच्या दंडासारखा नागरी आकार आहे, आणि त्याविरुद्ध दाद मागायला वेगळे न्यायाधिकरण आहे. आपल्याकडचे पाचशे आणि पंधराशे हे चढते गणित मुळात वाईट नाही. मात्र दुसऱ्या वेळचे पंधराशे खरोखर लागावेत इतपत नोंद ठेवली गेली पाहिजे. आणि पोलिसांची गाडी, कारवाईचे काम नसताना, त्याच लेनमधून सुसाट निघाली तर? कायद्याची अंमलबजावणी करणाऱ्यानेच तो मोडला तर दुप्पट दंड, असे कलम २१०-ब सांगते. ते वापरलेले पाहायला मला आवडेल.

आता चेन्नई. एमटीसीच्या, म्हणजे शहर बससेवेच्या, बसना वेगळी लेन द्यावी ही चर्चा तिथे जुनी आहे, पण पुण्यासारखी दुभाजक घालून वेगळी केलेली लेन आजवर चाललेली नाही. तुम्हाला आज तिथे बसमुळे चलन होईल ते बसथांब्यापाशी गाडी उभी केल्याबद्दल. कुणाला घ्यायला दोन मिनिटे थांबलो, हा बचाव चालत नाही. थांब्यावर मोटार असली की बस रस्त्याच्या मधोमध उभी राहते आणि मागची सगळी रांग थबकते. गाडी उचलून नेण्याचाही अधिकार पोलिसांना आहे. उद्या अण्णा सालैवर लेन झालीच, तर आधी अधिसूचना, मग तमिळ आणि इंग्रजीत वेळेसह पाट्या, मग कॅमेरा, आणि रंग सगळ्यात शेवटी, हा क्रम राखला गेला पाहिजे. मेट्रोच्या दुसऱ्या टप्प्याच्या खोदाईने ओएमआरवरच्या (जुन्या महाबलीपुरम रस्त्यावरच्या) लेन जिथे वरचेवर सरकतात, तिथे काल आखलेला पट्टा आज कुठे लागू आहे हे चालकाला पाटीनेच कळणार. रुग्णवाहिकेला वाट देण्यासाठी लेनमध्ये सरकावे लागले तर बिचकू नका. तिला अडवण्याचा दंड दहा हजार आहे, आणि तो मात्र घरच्या गाडीलाही लागतो.

दंडापेक्षा महाग पडू शकणारी बाब वेगळीच आहे. बसच्या लेनमध्ये असताना अपघात झाला आणि तुम्ही जखमी झालात, तर नुकसानभरपाईच्या दाव्यात तुमचाही निष्काळजीपणा होता असे समोरचा म्हणणार. मोटार अपघात दावा न्यायाधिकरण तो वाटा ठरवून तेवढी रक्कम कापू शकते. पाचशे रुपयांच्या चलनाचा फोटो अशा वेळी समोरच्याच्या हातात आयता पुरावा ठरतो.

तुम्ही न विचारलेली पण तुमच्या पत्रातून दिसणारी एक अडचण उरली. गाडी एमएच-१२ची आणि मुक्काम चार वर्षे चेन्नईत. दुसऱ्या राज्यात बारा महिन्यांहून जास्त काळ ठेवलेल्या गाडीची तिथे नव्याने नोंदणी करावी लागते, हे कलम ४७ चे बंधन आहे. त्यासाठी पुणे आरटीओचे ना हरकत प्रमाणपत्र घ्या, तामिळनाडूचा रस्ता कर भरा, आणि महाराष्ट्रात एकरकमी भरलेल्या कराचा उरलेल्या काळाचा परतावा मागा. तुमच्या कंपनीची कार्यालये चार किंवा त्याहून अधिक राज्यांत असतील तर बीएच (भारत) मालिकेचा क्रमांकही मिळू शकतो. अर्ज करण्याआधी जुनी चलने निकाली काढा, नाहीतर कागद तिथेच अडतील. आणि आरसी बुकावरचा पत्ता व मोबाइल क्रमांक आजच बदलून घ्या. पुण्याच्या जुन्या नंबरवर चलनाचे संदेश जात राहिले, तर पंधरा दिवसांत सूचना मिळाली नाही हा तुमचा युक्तिवाद कुणी ऐकून घेणार नाही.