संकलनाच्या टेबलावर : रेणू सलूजा यांचे काम

चित्रपट पाहून बाहेर पडताना आपण नटांविषयी बोलतो, गाण्यांविषयी बोलतो. फार झाले तर दिग्दर्शकाचे नाव घेतो. 'संकलन' या शब्दापुढे पडद्यावर आलेले नाव क्वचितच कोणाच्या ध्यानात राहते. संकलक म्हणजे लांबलेला चित्रपट कापून आखूड करणारा, असा आपला एक सोयीस्कर समज आहे. तो किती अपुरा आहे हे पाहायचे तर रेणू सलूजा (१९५२-२०००) यांचे काम अभ्यासावे.

पुण्यात 'प्रभात'च्या जागेवर १९६० साली सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. सलूजा यांना तेथे खरे तर दिग्दर्शन शिकायचे होते. तो प्रवेश मिळाला नाही, म्हणून त्या संकलनाकडे वळल्या आणि १९७६ साली शिक्षण पुरे करून बाहेर पडल्या. तंत्रज्ञ म्हणून स्त्रिया त्या काळी या धंद्यात अगदी थोड्या होत्या.

तेव्हाचे संकलन हे अक्षरशः हातांचे काम होते. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर सेकंदाला २४ चित्रे, मिनिटाला ९० फूट. म्हणजे अडीच तासांच्या चित्रपटाला साडेतेरा हजार फूट, आणि प्रत्यक्ष चित्रण त्याच्या कितीतरी पट! आवाजाची पट्टी निराळी. पेन्सिलीने फिल्मवर खूण करायची, कापायची, चिकटपट्टीने जोडायची, यंत्रावर फिरवून पाहायची आणि नाही जमले तर पुन्हा उकलायची. आज हे सारे संगणकावर होते. कोठे कापायचे हा प्रश्न मात्र संगणक सोडवीत नाही.

मोठ्या निर्मात्याला एखादा प्रसंग फसला तर पुन्हा सेट उभारता येतो. अल्पखर्ची चित्रपटाला ती चैन नसते. जे चित्रित झाले असेल त्यातूनच कथा उभी करावी लागते. किंबहुना अशा चित्रपटाचे दुसरे लेखन संकलनाच्या टेबलावरच होते.

राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या तुटपुंज्या पैशांवर कुंदन शहा यांनी काढलेला 'जाने भी दो यारों' (१९८३) हे त्याचे ठळक उदाहरण. त्याची लांबी हाताबाहेर गेली होती. अनुपम खेर यांनी त्यात 'डिस्को किलर' नावाचे पात्र रंगवले होते. 'सारांश' तेव्हा यायचा होता. अंतिम चित्रपटात ते पात्र समूळ नाही! एखादी ओळ गाळतानाही आपला जीव तुटतो. येथे सबंध माणूसच वगळला गेला आणि पाहणाऱ्याला त्याची उणीव भासत नाही. शेवटचा महाभारताचा प्रसंग पाहावा. रंगमंचावर द्रौपदीच्या वेषात प्रेत आहे आणि त्याच्यामागे सगळेच धावताहेत. क्षणभर उशिरा कापले असते तर हसे पडद्यावर नव्हे, चित्रपटाचेच झाले असते.

त्याच वर्षी त्यांनी गोविंद निहलानींचा 'अर्धसत्य' संकलित केला. श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' या कथेवरून विजय तेंडुलकरांनी त्याची पटकथा लिहिली होती. तेथे धावपळ नव्हे, तर इन्स्पेक्टर वेलणकराची घुसमट साचू द्यायची होती. एकाच हाताने एकाच वर्षी दोन निराळ्या लयी सांभाळल्या. माझ्या मते त्यांची थोरवी यातच आहे, पुरस्कारांच्या संख्येत नाही. तथापि संख्याही लहान नाही: 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' अशी संकलनाची चार राष्ट्रीय पारितोषिके.

सईद मिर्झा, कुंदन शहा, विधू विनोद चोप्रा, केतन मेहता हे त्यांचे दिग्दर्शक त्याच इन्स्टिट्यूटचे. या वर्तुळात व्यवहारापेक्षा ओळख आणि विश्वास अधिक चाले. त्यात प्रतिष्ठा मिळे, पैसा बेताचाच. पुढे '१९४२ : अ लव्ह स्टोरी'सारखे मोठे चित्रपटही त्यांनी केले, पण त्याच वर्षी, १९९४ साली, 'बँडिट क्वीन'ही केला. ऑगस्ट २००० मध्ये कर्करोगाने त्यांचे निधन झाले. वय अवघे अठ्ठेचाळीस.

आपल्या वाशीमकडच्या मुलाला सिनेमात जायचे म्हटले की घरचे विचारतात, "नट होणार का?" त्यांना सांगावे, की पुण्याच्या त्या इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचा अभ्यासक्रम आहे आणि त्याच्या प्रवेशपरीक्षेला कलाशाखेचा पदवीधरही बसू शकतो.