गुलबक्षीचा वाफा मृगाआधी उंच करून घ्या

वडोदऱ्यात कमी पाण्यावर जगणारं बहुवर्षायू फुलझाड लावायचं म्हटलं की सगळी काळजी मे महिन्याची केली जाते. पारा चाळिशीपार जातो, माती तडकते, त्यामुळे ते साहजिकही आहे. पण अशी झाडं इथे उन्हाने कमी आणि ऑगस्टमध्ये मुळाशी साचलेल्या पाण्याने जास्त मरतात. वर्षाचे आठ महिने कोरडे, आणि बहुतेक सगळा पाऊस उरलेल्या चार महिन्यांत, तोही कधीकधी एका दिवसात ओतल्यासारखा. ३१ जुलै २०१९ चा पाऊस आणि ऑगस्ट २०२४ चा विश्वामित्रीचा पूर शहरात कुणी विसरलेलं नाही. म्हणून वैशाखात झाड निवडताना आधी निचऱ्याचं बघा, पाण्याच्या बचतीचं नंतर.

अलीकडे इव्हिनिंग प्रिमरोजच्या बियांची पाकिटं हौसेने मागवली जातात. हे मूळ अमेरिकेकडचं झाड. त्यातली उंच, पिवळ्या फुलांची जात थंड मुलखातली: पहिल्या वर्षी जमिनीलगत पानांचा झुबका आणि फूल दुसऱ्या वर्षी. औषधी तेल हिच्याच बियांचं निघतं, म्हणून शेतात लावावी का असं कुणाच्या मनात असेल तर माझं मत स्पष्ट आहे: वडोदरा जिल्ह्यात त्या भरीस पडू नका. गुलाबी फुलांची बुटकी जात टेक्सासच्या उन्हातली आहे, हलक्या जमिनीत कमी पाण्यावर तगते, पण ओल्या चिकट मातीत तिची मुळं कुजतात. हौस असेल तर ती कुंडीत, हिवाळी फुलांसारखी लावा. दिवाळीनंतर भुसभुशीत, वाळूमिश्रित मातीवर बी नुसतं पसरा आणि हलकं दाबा. ते बारीक असतं, उगवायला उजेड लागतो, म्हणून वर माती घालू नका.

जमिनीत कायमचं लावायचं असेल तर मी गुलबक्षीच सांगेन. इथल्या नर्सरीत गुलबास म्हणून मागा. तीही अमेरिकेचीच, पण उष्ण भागातली, आणि आपल्या परसात पिढ्यान् पिढ्या रुळलेली. दुपार कलली की फुलं उमलतात, रात्री पतंग येतात, सकाळचं ऊन चढलं की मिटतात. तिचं खरं बळ जमिनीखालच्या जाड, काळपट कंदात आहे. एप्रिल-मेमध्ये पाणी तुटलं आणि वरचा पाला वाळला तरी कंद जिवंत राहतो आणि पहिल्या चांगल्या पावसात फुटतो. वाळली म्हणून झाड उपटून टाकू नका. मात्र हाच कंद चिखलात राहिला तर सडतो.

म्हणून लावण्याआधी निचरा तपासा. फूटभर खोल खड्डा खणून पाण्याने भरा, ते जिरू द्या आणि पुन्हा भरा. दुसऱ्या वेळचं पाणी चार तासांनंतरही तसंच दिसलं तर सपाट जमिनीत लावू नका. चरोतराकडच्या गोराडू जमिनीत ही अडचण सहसा येत नाही. डभोई, करजणकडच्या काळ्या जमिनीत मात्र हमखास येते, आणि शहरातल्या नव्या सोसायट्यांत तर बांधकामाच्या भरावाने माती दगडासारखी घट्ट झालेली असते. तिथे वीतभर उंच गादीवाफा करा. जुनी माती, भरड वाळू आणि कुजलेलं शेणखत मिसळा. खत चौथ्या हिश्शापेक्षा जास्त नको, नाहीतर पाला माजतो आणि फुलं कमी येतात. नदीकाठच्या सखल वस्तीत राहणाऱ्यांनी सरळ मोठी कुंडी घ्यावी.

मृगाचा पाऊस इथे महाराष्ट्रापेक्षा उशिरा येतो, तेव्हा तारखेच्या भरवशावर पेरू नका. माती खोलवर ओली झाली की पेरा. बी काळं, सुरकुतलेलं, मिऱ्याएवढं असतं. रात्रभर भिजवून बोटाच्या अर्ध्या पेरापर्यंत खोल टोचा. दोन झाडांत दोन फूट अंतर ठेवा, कारण एका पावसाळ्यात झाड कमरेला लागतं. जुना कंद हलवायचा असेल तर पावसाच्या तोंडावर हलवा, पण डोळा मातीच्या अगदी वरच्या थरात राहील असा. श्रावणात आळं मोडून टाका, म्हणजे खोडाशी पाणी तुंबणार नाही, आणि नवरात्रानंतर पुन्हा बांधा. त्यानंतर पालापाचोळ्याचं आच्छादन घालून हिवाळ्यात दहा-बारा दिवसांनी, उन्हाळ्यात आठवड्यातून एकदा भरपूर पाणी पुरतं. रोजच्या शिंतोड्यांनी मुळं वरच राहतात आणि पहिल्या कडक उन्हात झाड मान टाकतं.

रंग हवे तसे ठेवायचे असतील तर वाफे दूर ठेवा. जीवशास्त्राच्या पुस्तकांतलं लाल-पांढऱ्या गुलबक्षीच्या गुलाबी संततीचं उदाहरण जर्मन शास्त्रज्ञ कार्ल कोरेन्स यांच्या प्रयोगांतलं आहे. १९०० साली मेंडेलचे नियम पुन्हा उजेडात आणणाऱ्यांपैकी ते एक. दुसरे ह्यूगो द व्ह्रीस, आणि त्यांचा उत्परिवर्तनाचा सिद्धान्त उभा राहिला तो इव्हिनिंग प्रिमरोजवरच. शेजारी शेजारी लावलेल्या रंगांचं बी पेरलं तर पुढच्या वर्षी काय उगवेल सांगता येत नाही, म्हणून आवडत्या झाडाचा कंदच जपा.

बी गळून आपोआप बेसुमार रोपं उगवतात. भाद्रपदातच ती खुरपून काढा, कंद धरल्यावर उपटणं जड जातं. बी आणि कंद दोन्ही पोटात गेले तर विषारी. घरात रांगणारं मूल, कुत्रं किंवा मोकळी शेळी असेल तर वाफा कुंपणाआड घ्या, आणि वेचलेलं बी नाव लिहून डबीत, स्वयंपाकघरापासून लांब ठेवा.